आंजेलच्या मक्याच्या पातोळ्या

आंजेलची सून मारिसोल सकाळी मागच्या दाराशी आली आणि म्हणाली, "माय उठणा नाय." आंजेल गेली हे कळलंच. पण खरं सांगू... रडू यायच्या आधी मनात आलं, ही मेक्सिकोची पोर किती अस्सल मालवणी बोलली! आंजेलनं ऐकलं असतं तर वाडीभर सांगत सुटली असती. झोपेतच गेली. भरपूर जगली, भरपूर बोलली आणि शेजारीण म्हणून माझं डोकं भरपूर खाल्लं. रडका लेख लिहिला तर वरून शिव्या घालील, म्हणून हसतच लिहिते.

मालवणात आमची घरं पाठीला पाठ लावून. तिचा एकुलता नेल्सन बोटीवर आचारी. तिथंच त्यानं मारिसोलशी लग्न जमवलं, तिला आईकडे आणून ठेवलं आणि रजा संपताच पुन्हा बोट गाठली. उरल्या सासू-सुना. एकीची मालवणी, दुसरीची स्पॅनिश आणि मधे दोघींचं मोडकंतोडकं इंग्रजी. मारिसोल ताटात अन्न चिवडायची, संध्याकाळी पायरीवर फोन घेऊन बसायची. आंजेलचा जीव खालीवर व्हायचा. "शालन, ह्या चेडवाक हंय आपलां वाटूक व्हया गो," ती मला म्हणायची. "नायतर ह्या जातलां, आणि नेल्सन त्येच्या पाठसून." सून इथं रमली नाही तर पोरगाही कायमचा दुरावेल, एवढी एकच भीती या धीट बाईला होती.

पंधरा ऑगस्टला त्यांच्याकडे सायबिणीच्या फेस्ताच्या, म्हणजे देवमातेच्या सणाच्या, पातोळ्या असतात, जशा आमच्याकडे नागपंचमीला. हळदीच्या पानावर तांदळाचं पीठ थापायचं, गूळखोबरं पसरायचं, पान दुमडून उकडायचं. त्या दिवशी आंजेल पान दुमडत होती आणि मारिसोल एकदम ओरडली, "टमाले!" महिनाभरात ती पहिल्यांदा हसली. तिच्या गावी म्हणे मक्याचं पीठ कणसाच्याच पानात गुंडाळून उकडतात, आत अननससुद्धा घालतात. पण त्याला 'मासा' लागतो.

"मासो? गोडात मासो?" आंजेल माझ्याकडे बघतच राहिली. तिकडे मळलेल्या पिठालाच मासा म्हणतात, हे कळेपर्यंत तिनं बांगडे बाहेर काढून ठेवले होते.

मग तिनं हट्टच धरला, पातोळ्या मक्याच्या करायच्या आणि आत फणस. फणसाचा हंगाम सरलेला, पण डब्यात फणसपोळी होती. बाजारातून सुका मका आला. तो लाईम घालून उकडायचा, असं मारिसोलनं सांगितलं. लाईम म्हणजे लिंबू, एवढं इंग्रजी आंजेलला येत होतं! परसातल्या झाडाची सगळी लिंबं तिनं टोपात पिळली. मक्याच्या दाण्यांची साल काही सुटेना, आणि चव अशी की माझे डोळे आपोआप मिटले. मारिसोलनं एक दाणा चावला आणि ओंजळीत तोंड लपवलं. खांदे हलत होते. "रडता काय हसता गो ह्या?" आंजेल घाबरून म्हणाली. ती दोन्ही करत होती.

मला जेवणानंतर पान लागतं. तोंडाची चव घालवायला मी पानाचा डबा उघडला, तर मारिसोलनं चुन्यात बोट बुडवून हुंगलं आणि नाचायलाच लागली, "लाईम! लाईम!"

"आता कळला," मी म्हटलं. "सुनेन सासवेक चुनो लावलो!"

याचा अर्थ मारिसोलला समजावताना आम्ही तिघी हसून हसून जमिनीवर बसलो. मग चुन्याच्या निवळीत मका शिजवला, भिजवला, चोळून धुतला आणि रगड्यावर वाटला. फणसपोळी नारळाच्या रसात विरघळवून गुळाबरोबर आटवली. पहिल्या पातोळ्या फुटल्या. दुसऱ्या वेळी पान उलगडलं आणि हळदीचा, फणसाचा, भाजक्या कणसासारखा वास एकदम घरभर सुटला. मारिसोलनं आईला फोन लावला. दोन विहिणी, एकीच्या हातात हळदीचं पान, दुसरीच्या हातात कणसाचं पान, आपापल्या भाषेत तासभर बोलल्या. एकमेकींचा शब्द कळत नव्हता, तरी फोन कुणी ठेवीना. त्या दिवसापासून मारिसोल स्वयंपाकघरात सासूच्या मागेमागे फिरू लागली आणि आंजेल बोलेल ते सगळं उचलू लागली, ओव्यांसकट नि शिव्यांसकट.

आंजेल गेल्यावर जो तो विचारू लागला, आता घराला कुलूप का? मला विचारायचा धीर होईना. यंदाच्या फेस्ताला मी तशीच मागच्या दारानं गेले. मारिसोल चुलीपुढे बसून मक्याचं पीठ पानावर थापत होती.

"मारी, तू आता जातलंस गो?" मी शेवटी विचारलंच.

"खंय जातलंय? नेल्सन डिसेंबरात येतलो, तेका कोण जेवक घालतला?" तिनं मान वर केली नाही. "उभी काय रवलंस? बस गो शालन."

मी तिच्या आजीच्या वयाची. पण मालवणी ती एकट्या आंजेलकडून शिकली, त्यामुळे आंजेल मला जशी हाक मारी तशीच ती मारते. आम्ही तिला कधी सुधारलं नाही. माझे आईवडील गेले, नवरा गेला, आता आंजेलही... मला नुसतं शालन म्हणणारं एवढंच एक माणूस उरलंय. मी बसले.