दर्भाचा कावळा

"आबांच्या वर्षश्राद्धाला ती येते म्हणतीय, आन् तू तिला नको म्हणतीस?" निलेशनं मोबाइल ताटाशेजारी आपटला. "पोटची लेक असती तर?"

"पोटची असती तर घाटावर तोंड उघडलं असतं," नंदाबाई म्हणाली. भाकरी थापणं काही थांबलं नाही.

प्रेरणा विद्यापीठातून आली होती, गावातली माणसं कशी जगतात ते लिहायला. कुसगावात हॉटेलं चिक्कार, नंदाबाईच्या माडीवरही गिऱ्हाइकांना भाड्यानं द्यायची खोली होती, पण तिला घर हवं होतं. दोन पावसाळे ती स्वयंपाकघरात नंदाबाईशेजारी अंथरूण टाकून झोपली. नंदाबाईला लेक नव्हती. तिनं प्रेरणाची ओटी भरली, बायकांत 'आमची पोरगी' म्हणून मिरवलं. निलेशचे आबा, रखमाजी, अंथरुणाला खिळल्यावर सून सारिकाच्या हातची पेज थुंकून टाकायचे, प्रेरणाच्या हातची मुकाट गिळायचे.

दहाव्याला इंद्रायणीच्या घाटावर पिंड ठेवला. कावळे झाडावरून हलेनात. निलेशनं शब्द दिला, सारिकानं दिला. शेवटी रखमाजींचा धाकटा भाऊ केरबा प्रेरणाला म्हणाला, "दादाचा जीव त्या पोरीत गुतलाय. ये गं, म्हण, आईला अंतर देनार न्हाई."

प्रेरणा बाजूला उभी राहून मोबाइलवर सगळं टिपत होती.

"मला मध्ये पडता येणार नाही," ती म्हणाली. "मी इथं नसते तर जे झालं असतं, तेच व्हायला हवं."

ऊन डोक्यावर आलं. मग भटजींनी दर्भाचा कावळा करून पिंडाला टेकवला. गावाला महिनाभर चघळायला झालं.

"तिचं कामच तसलं, आई. माया नव्हती असं न्हाई," निलेश ताटावरून म्हणाला.

"आमच्या मायेला तर कावळ्यानं इचारलंबी न्हाई," सारिका चुलीपाशी पुटपुटली.

"माया व्हती. म्हनून तर!" नंदाबाईनं परातीतून हात काढला. "तिचा गळा भरून आलेला बघितलाय मी. व्हट हालले, आन् गिळलं तिनं. परकी गप ऱ्हायली असती तर मी कशाला बोलले असते? हिनं माया असून गिळली, कामापायी."

"आता रडतीय फोनवर. चुकलं म्हनतीय."

"आता रडून कावळा येतोय व्हय?"

तव्यावरची भाकरी करपली. नंदाबाईनं ती काढून आपल्याच ताटात टाकली.

"येऊ दे तिला. पोटभर जेवू घाला. पर झोपायला माडीवरची गिऱ्हाइकांची खोली. माझ्याशेजारी तिचं अंथरूण पडायचं न्हाई."