बोलघराची साळूबाई

आमच्या हिर्डोशीत साळूबाईच्या केरसुणीचा धाक नसलेलं माणूस शोधून सापडणार नाही. मी गावची अंगणवाडी चालवते, चार माणसं मला ताई म्हणतात, तरी माझ्याही पाठीत ती केरसुणी एकदा बसली आहे. गुन्हा एवढाच, की बोलघरात मला शिंक आली.

बोलघर म्हणजे गावाच्या वरच्या अंगाला असलेली मातीची मोठी खोली. कुणा जुन्या माणसानं तिच्या भिंतींत शंभरेक मडकी बसवली, तोंडं आतल्या बाजूला ठेवून. तिथं बोललेलं मडक्यांत राहतं, आणि पुढच्या वर्षी त्याच तिथीला, त्याच वेळी, भिंती ते एकदा बोलून दाखवतात. आधी मडकी घुमतात, मग आवाज येतो. त्या वेळी कुणी तोंड उघडलं तर जुन्या-नव्या बोलण्याचा काला होतो, म्हणून घुमणं सुरू झालं की सगळ्यांनी गप्प बसायचं. साळूबाई हा नियम तीस वर्षं राखते आहे. जमीन सारवते, मडक्यांतली कुंभारमाशीची घरं काडीनं काढते. बांधाचे वाद आणि सोयरिकी तिथंच मिटतात, कारण वर्षानं भिंतीच साक्ष देतात.

अशा बाईनं आपली जीभ मात्र त्याच खोलीत सैल सोडली. गेल्या ज्येष्ठात तिचा मुलगा अमृत याची नवी बायको नूतन नाचणीच्या रोपांतलं तण काढायला गेली. पोरगी भोंगवलीची. तिकडं ऊस आणि ज्वारी; नाचणी तिनं फक्त भाकरीत पाहिलेली. तिनं गवत म्हणून अर्धी नाचणीच उपटून ठेवली. साळूबाई तणतणत बोलघर सारवायला गेली आणि आपण एकटीच आहोत असं धरून म्हणाली, "हिच्या हातानं आमच्या घरात कायबी रुजायचं न्हाई!"

राग तासाभरात उतरला. बोल मात्र मडक्यात जाऊन बसला होता.

हे तिनं मला यंदा सांगितलं, नूतन पोटुशी असताना. "ताई, सुनेच्या कानावर ह्ये गेलं तर म्या कुठं त्वांड लपवू? पोटातल्या लेकराला शाप दिल्यावानी झालं की वं."

तिला इतकं घाबरलेलं मी कधी पाहिलं नव्हतं. ज्येष्ठ वद्य पंचमी आली तशी ती दुपारी चारला आत कडी लावून बसली, जे काय यायचं ते एकटीनं ऐकायला. मी बाहेर राखण करत उभी. आत घुमणं नाही, आवाज नाही. पाच वाजता ती बाहेर आली. "मडकं तडकलं आसंल. सुटले बाई!" म्हणाली आणि घरी नेऊन मला गुळाचा चहा पाजला.

यंदा ज्येष्ठ अधिक होता. अधिकात डोहाळजेवण करत नाहीत, म्हणून ते त्यामागून येणाऱ्या निज ज्येष्ठात धरलं. घर लहान आणि पाऊस धो धो, तेव्हा नूतन म्हणाली, बोलघरात करू. गुरुजींनी दोन दिवस दिले होते, त्यातली वद्य पंचमीही तिनंच निवडली. आम्ही दोघी शहाण्या माना डोलवून मोकळ्या झालो. बोलघर अधिक महिना मोजत नाही, हे गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. कडी लावून काढलेली ती पंचमी अधिकातली होती, हे एक धास्तीनं विसरली, दुसरी तिच्या नादानं.

पंचमीला भाताची लावणी अर्ध्यावर टाकून बायका जमल्या. भोंगवलीहून नूतनची आई आणि मावश्या आल्या. हिरव्या साडीत, फुलांचे दागिने घालून नूतन पाटावर बसली. गाणी रंगली होती. चारला मडकी घुमू लागली.

साळूबाईनं माझ्याकडं पाहिलं. तिच्या तोंडचं पाणी पळालं होतं. "थांबू नगा गं! म्हना गानी, मोठ्यांदा म्हना!" ती ओरडली. पण तीस वर्षांचा धाक असा एका हाकेत जातो होय? बायका चिडीचूप झाल्या. एकीनं तर ओठांवर बोट ठेवून साळूबाईलाच गप्प केलं.

आणि भिंती बोलल्या: "हिच्या हातानं आमच्या घरात कायबी रुजायचं न्हाई!"

नूतनच्या आईनं पदर तोंडाला लावला. साळूबाई भिंतीला टेकून मटकन खाली बसली. भिंतीत तिचीच पावलं वाजत लांब गेली, आणि मग दुसरा आवाज आला. नूतनचा.

"आत्या, म्या दाराआड व्हते. समदं ऐकलं. चूक माजीच हाय. उद्या मला शेतात घिऊन बसा, गवत कंचं आन् नाचणी कंची त्ये दावा. आन् काय रुजलंच, तर ह्याच खोलीत माजी वटी तुमीच भरा."

मग मडकी शांत झाली. मला इतकं हायसं वाटलं की रडूच आलं. वर्षभर ही पोरगी सगळं ठाऊक असून सासूच्या मागं मागं शेतात फिरली, आणि आम्हाला पत्ता नाही!

"दिस तुमास्नी ठावं आसंल म्हनून म्या धरला," नूतन हळूच म्हणाली. "तुमी नगं म्हनला असता तर बदलला असता."

साळूबाई उठली. तिनं ओटीचं ताट घेतलं. ती भिंतींकडं तोंड करून मोठ्यानं म्हणाली, "नूतन, चुकलं माजं."

तिच्या तोंडून हे कधी कुणी ऐकलं नव्हतं. मागून एक बाई कुजबुजली, "साळूबाई, फुडच्या वर्षी ह्ये परत ऐकू येनार बरं."

"यिऊ द्या की," ओटीत तांदूळ घालत साळूबाई म्हणाली. "म्हनून तर हितं बोलले. तवा लेकरू मांडीवर आसंल. त्येलाबी कळू द्या, आज्जी चुकली व्हती."