माणूस खाली उतरेपर्यंत

सुमनआत्या गेल्याचा फोन आला तेव्हा मी ऑफिसात होते. तिच्यासोबत काम करणारे परेशभाई बोलत होते आणि मी नुसतं ‘हां, हां’ करत राहिले... ड्यूटी संपवून घरी निघताना हार्ट अटॅक आला. बाबांना मलाच सांगावं लागलं. आपल्या या धाकट्या बहिणीशी गेल्या दोन दिवाळ्या ते बोललेच नव्हते.

आत्या बमरोलीकडच्या सबस्टेशनमध्ये ऑपरेटर होती. मोठ्या टॉवरांवरून आलेल्या विजेचा दाब तिथे उतरवतात, मग ती वेगवेगळ्या फीडरवरून, म्हणजे त्या-त्या भागाच्या लाइनवरून, गल्लीतल्या ट्रान्सफॉर्मरकडे आणि तिथून घरांत जाते. आमची सोसायटी तिच्याच एका फीडरवर. वीज गेली की गुजराती शेजारी मला म्हणायचे, “तारी फोईने फोन कर ने,” तुझ्या आत्याला फोन लाव ना. मी लाजून आत पळायचे.

बाबांचं आणि तिचं बोलणं तुटलं ते दोन वर्षांपूर्वी. त्या दुपारी आजोबा, म्हणजे तिचेच वडील, आमच्याकडे ऑक्सिजनच्या मशीनवर होते आणि लाइनच्या दुरुस्तीसाठी वीज बंद झाली. बाबांनी तिला फोन लावला. काम आटोपल्याचं साहेबांनी तिला कळवलंही होतं. पण ज्या लाइनमनने स्वतःच्या नावावर लाइन बंद करून घेतली, त्यानेच ‘सगळे खाली उतरलो, चालू करा’ म्हणायचं, ही तिथली रीत. आणि त्याचा फोन लागत नव्हता.

“सुमन, अण्णांना धाप लागलीय.”

“दादा, तो खांबावर असेल तर?” आत्या स्पीकरवर म्हणाली. “त्याच्या तोंडून ऐकल्याशिवाय नाही देणार मी.”

आजोबांना खुर्चीत बसवून आम्ही समोरच्या जनरेटरवाल्या इमारतीत नेलं. ते वाचले, पुढे वर्षभर जगले. ‘पोरीनं बापालाही रांगेत उभं केलं’ म्हणून हसायचे. बाबा मात्र हसले नाहीत. मग आत्या यायची ती बाबा बँकेत असतानाच. चहा पिता पिता हळूच विचारायची, “तुझ्या बाबांचा फीडर अजून बंदच का गं?”

तेराव्याला परेशभाई आले. लाइनमन त्या दुपारी खांबावरच होता, राहिलेली एक तार बांधायला परत चढला होता, हे त्यांच्याकडून कळलं. बाबांनी कसंबसं विचारलं, मग तिने आम्हाला सांगितलं का नाही?

“सुमनबेन बोलती थी, वो नीचे होता तो भी उसके बोले बिना मैं चालू नहीं करती.”

गेल्या रविवारी हॉलच्या पंख्याचं काम निघालं. इलेक्ट्रिशियन आत, बाबा दाराजवळ मेन स्विचपाशी. घामाघूम झालेली आई स्वयंपाकघरातून म्हणाली, झालं असेल हो त्याचं, करा चालू. बाबांचा हात स्विचवर होता, पण त्यांनी तो दाबला नाही.

“भैया,” त्यांनी हॉलच्या दिशेने हाक दिली, “आप खुद बोलो... फिर देता हूँ.”

आणि ते कान देऊन उभे राहिले.