आईची चूल, चिगव्वाचा वैल

माझ्या चुलत्याचं लग्न झालं तेव्हा मी शाळेतही जात नव्हते. चुलती आली ती सीमेपलीकडच्या गावातून, कानडी बोलणाऱ्या घरातून. तिला मराठीचा शब्द येत नव्हता आणि शाहूवाडीच्या डोंगरातल्या आमच्या घरात कानडी कुणालाच येत नव्हती. आजी माझ्या जन्माआधीच गेलेली. त्यामुळं सैपाकघरात बायका दोनच, माझी आई आणि ही नवी नवरी.

पहिल्याच दिवशी दोघी जेवायला बसल्या. नवरीनं आमटीचा घास घेतला आणि हळूच म्हणाली, "उप्पू."

"उपास?" आई दचकली. "आज कसला उपास ग तुझा?"

नवरीला काही कळलं नाही. नाही कसं म्हणायचं म्हणून तिनं मान डोलावली. आईनं तिच्या पुढचं ताट उचललं आणि शेंगदाणे, गूळ आणि पेलाभर दूध आणून ठेवलं. संध्याकाळीही तेच. दुसऱ्या दिवशी सकाळी मात्र नवरी स्वतः उठली, फडताळातल्या बरणीतनं चिमूटभर मीठ तळहातावर घेतलं आणि आईच्या नाकासमोर धरलं. "उप्पू!"

आई अशी हसत सुटली, की चुलीतलं लाकूड बाहेर आलेलंही तिला कळलं नाही. मग नवरीही हसायला लागली. या घरात ती पहिल्यांदा हसली ती तेव्हा, असं आई पुढं कितीतरी वेळा सांगायची.

पण भाकरीनं तिला रडवलं. तिच्या माहेरी शाळूची, म्हणजे ज्वारीची भाकरी, आमच्याकडं तांदळाची. शाळूची भाकरी ती अशी थापायची की लाकडी काटवटीचा आवाज गोठ्यापर्यंत जायचा. तांदळाची मात्र तव्यावर टाकताना मोडायची. तिसरी की चौथी भाकरी मोडल्यावर तिनं पदर तोंडाला लावला.

"रडतीस काय?" आई म्हणाली. "सरक हिकडं. चूल मी बघतो, तू वैल सांभाळ."

चुलीच्या अंगाला, तिच्याच जाळावर तापणारं दुसरं तोंड असतं, तो वैल. तिथं वेगळी लाकडं घालत नाहीत. चुलीतला उरलेला जाळ आणि धग तिकडं जाते आणि त्यावर कालवण, दूध, डाळ निवांत रटरटत राहतं. त्या दिवसापासून आमच्या घरात आई चुलीपुढं आणि चुलती वैलापुढं. मधे एक वीतभर जागा. त्या जागेत फुंकणी असायची आणि पुष्कळदा मीही असायचे.

तिथंच ती मराठी शिकली. आई एकेक वस्तू उचलून नाव सांगायची, ती पुन्हा म्हणायची. ती आईकडूनच शिकली म्हणून बोलायचीही थेट आईसारखीच. आमच्याकडं बायकाही "मी आलो, मी गेलो" म्हणतात, तसंच ती म्हणायला लागली. आईला ती अक्का म्हणायची. मला तिनं स्वतःला चिगव्वा म्हणायला शिकवलं, कानडीत धाकट्या आईला म्हणतात तसं. मी आजही तेच म्हणते.

चिगव्वाचा वैलावरचा पावटा आमच्या आळीत माहीत होता. थंडीत शेंगा यायला लागल्या की दाणे सोलून ती गाडग्यात चढवायची. त्यात आईच्या हातचं तिखट आणि पाट्यावर वाटलेलं खोबरं. आईच्या भाकऱ्या होईपर्यंत ते गाडगं वैलावर असायचं. उकळी फुटायची नाही, नुसता एक बुडबुडा वर यायचा, जरा थांबायचा, मग दुसरा. घाई केलेली चिगव्वाला खपायची नाही. कुणी भुकेनं आत डोकावलं, की तिच्याआधी आईच ओरडायची, "अजून वैलावर हाय! जावा भाईर!"

मी सातवीत असताना वडिलांना साखर कारखान्यात नोकरी लागली. राहायला कॉलनीत दोन खोल्या मिळाल्या. चुलते शेती बघणार, आम्ही तिकडं जाणार, असं ठरलं. भांडण नव्हतं, वाटणी नव्हती. सामान टेम्पोत चढवताना चिगव्वानं आईला आपल्या हातानं वापरून काळं केलेलं एक गाडगं दिलं. आई म्हणाली, "ऱ्हाऊ दे ग, तिथं गॅस हाय." तरी चिगव्वानं ते कपड्यांच्या बोचक्यात खुपसलंच.

कॉलनीतल्या सैपाकघरात ओटा होता. शेजारच्या बायका कौतुकानं सांगायच्या, आता धूर नाही, वाकायचं नाही, फुंकायचं नाही. ते खरंच होतं. आईचा खोकला थांबला, डोळे लाल व्हायचे थांबले. पण ती ओट्यापुढं उभी असली की अवघडल्यासारखी दिसायची. "उभ्यानं सैपाक म्हंजे एसटीत जागा न मिळाल्यागत वाटतंय," ती म्हणायची. शेवटी तिनं शेगडी खाली घेतली. भिंतीला पाठ लावून, पाटावर बसून ती भाकऱ्या करायची. तिच्या डाव्या हाताला, जिथं वैल असता, तिथं नुसती फरशी. तिथं ती काही ठेवायची नाही. मी अभ्यासाला बसले तर म्हणायची, "जरा पलीकडं बस."

पुढं माझं लग्न झालं, मी कोल्हापुरात आले. वडील गेल्यावर आई माझ्याकडं आली. रंकाळ्याच्या मागच्या बाजूला आमचा फ्लॅट, दुसऱ्या मजल्यावर. गावाकडं चुलतेही वारले. चुलतभावानं घर नीट केलं, सैपाकघराला टाइल्स लावल्या, चूल काढली. चिगव्वानं ते आईला फोनवर सांगितलं. आई नुसतं "बरं झालं" म्हणाली आणि फोन माझ्याकडं दिला.

दोन वर्षांपूर्वी आई आजारी पडली. अन्नावरची वासना गेली. डॉक्टर म्हणाले, "आता पथ्य नको. त्यांना आवडेल ते द्या." मी रोज काहीतरी करायचे आणि ती रोज एक घास घेऊन ताट सरकवायची. एकदा चिडून मी विचारलं, "मग खाणार तरी काय तू?"

"वैलावरचा पावटा," ती म्हणाली, आणि लाजल्यासारखी भिंतीकडं वळली.

मी चिगव्वाला फोन केला. दुसऱ्या दिवशी दुपारी ती आमच्याकडच्या मलकापूरच्या गाडीनं आली. सत्तरी ओलांडलेली बाई, मांडीवर गाडगं आणि पिशवीत शेंगा. हात-पाय धुऊन थेट सैपाकघरात गेली. गॅस बारीक केला, त्यावर जाड तवा ठेवला, तव्यावर गाडगं. पाटा नव्हता, मिक्सरमधनं खोबरं काढताना तिनं कानावर हात ठेवले. दिवस कलेपर्यंत ती ओट्यापाशी उभी होती.

आईनं दोन घास खाल्ले. आम्ही दोघी तिच्या तोंडाकडं बघत होतो.

"ब्येस झालंय," आई म्हणाली. "पर वैलावरचं न्हाय की ग हे."

मला वाटलं, चिगव्वाला लागेल. ती म्हणाली, "न्हायच मुळी. मग चल की गावाला."

मी पुष्कळ सांगून बघितलं. रस्ता वळणांचा, घाट, तिला झेपणार नाही, तिथं दवाखाना लांब. दोघींनी ऐकून घेतलं आणि आईनं चिगव्वाला विचारलं, "अंथरूण हाय नव्हं जादाचं?" रविवारी माझ्या नवऱ्यानं गाडी काढली.

गावात पोचल्यावर चिगव्वानं परसात जागा बघितली. न्हाणीजवळ, पत्र्याच्या आडोशाला. वारुळाची माती आणवली. त्यात शेण आणि भाताचं तूस घालून पायानं तुडवली. चुलतभाऊ कुरकुरला, "आई, या वयात कशाला? काकूंना धूर सोसायचा न्हाय."

"तिला काय सोसतंय ते मला सांगू नगंस," चिगव्वा म्हणाली. त्यानंतर तो गप माती आणून देत राहिला.

आईची बाज सोप्यातनं परसाच्या दारात आणली. तिथनं पडल्या पडल्या ती सूचना द्यायची. "तोंड वाऱ्याला नगं." "वैल जरा खाली घे."

"अक्का, वैलापुढं जलमभर मी बसलो का तू?"

"बसलीस तू, पर जाळ कोण सारत हुतं?"

कित्येक महिन्यांत आईचा आवाज इतका चढलेला मी ऐकला नव्हता. मी कोल्हापूरला परत जायचं पुढं ढकललं. चूल वाळायला वेळ लागला. चीर पडली की चिगव्वा ओल्या हातानं लिंपायची, आणि मी मधेमधे हात लावून ओल किती उरली ते बघायचे.

वाळल्यावर चिगव्वानं चुलीला हळदीकुंकू वाहिलं आणि जाळ केला. पहिल्यांदा नुसता धूर झाला. आईला खोकला आला, मी उठले, तिनं हातानंच मला थांबवलं. तिला पाटावर बसवून पाठीशी उशी दिली होती. चुलीपुढं बसायची ताकद नव्हती, म्हणून ती वैलापुढं बसली आणि चिगव्वा चुलीपुढं. आईनं पळी हातात धरली होती. गाडग्यात वर येणारे बुडबुडे ती बघत होती.

बऱ्याच वेळानं तिनं विचारलं, "मी कॉलनीत ऱ्हायला गेलो, तवा तुला राग आलता?"

"आलता की."

"मग बोलली न्हाईस कधी."

चिगव्वानं भाकरी उलटली. "कुणासंगं बोलू? मराठी मी शिकलो ती तुझ्यासंगं बोलायला. तू गेलीस, मग मालकाला जेवा म्हणायचं, गुरांना हट म्हणायचं. एवढ्याला किती मराठी लागती?"

 आईनं पळी खाली ठेवली आणि त्या वीतभर जागेतनं हात पुढं करून चिगव्वाच्या गुडघ्यावर ठेवला. चिगव्वा भाकऱ्या करत राहिली. मी पाणी आणायचं निमित्त करून आत गेले.

त्या दुपारी आईनं पावट्यात अर्धी भाकरी कुस्करून खाल्ली. नंतर तिथंच भिंतीला टेकून झोपली.

ती कोल्हापूरला परत आली नाही. "मी हितंच बरी हाय," म्हणाली. मी दर शनिवारी जायचे. दोघी कधी चुलीपुढं असायच्या, कधी बाजेवर, एकीच्या मांडीवर सूप आणि दुसरीच्या हातात शेंगा. शेंगांचे दिवस संपले. भाताच्या पेरण्यांच्या आधी आई गेली, सकाळी, चहा घेऊन झाल्यावर. चिगव्वा जवळ होती.

आता मी माझ्या सैपाकघरात बारीक गॅसवर तवा ठेवते, तव्यावर गाडगं ठेवते. घरात सगळे आवडीनं खातात. मीही खाते. पण कुकरच्या शिट्ट्यांमधे कधीतरी मला काटवटीचा आवाज ऐकू येतो, आणि मग ओट्यापुढं उभं राहवत नाही. मी खुर्ची ओढून बसते. कॉलनीत आई शेजारची फरशी मोकळी का ठेवायची, ते मी तिला कधी विचारलं नाही. आता विचारायची गरज उरली नाही, आणि सांगायला तीही नाही.

मागच्या महिन्यात गावाला गेले होते. परसातली चूल स्वच्छ सारवलेली होती, पण आत राख नव्हती. मी चिगव्वाला विचारलं, "पेटवत न्हाईस?"

"सारवतो की आठवड्याला," ती म्हणाली. "पर एकटीनं बसवत न्हाय."

सुनेनं आत गॅसवर चहा केला. आम्ही दोघी कप घेऊन परसाच्या पायरीवर बसलो. खालच्या आळीतल्या कुठल्या तरी घरातनं धूर वर येत होता, कौलांवर पसरत होता. चिगव्वा चहा प्यायचं विसरून तिकडं बघत राहिली.

"कुणाचा तरी पावटा शिजायलाय," ती म्हणाली.

मला काही वास आला नव्हता. तरी मी म्हटलं, "व्हय की."