धुराच्या अलार्मचा सेल

माझ्या बाबांनी नागभीडमध्ये उभं आयुष्य पाण्याच्या मोटारी दुरुस्त केल्या. चालू मोटारीच्या बेअरिंगवर स्क्रू-ड्रायव्हरचं टोक टेकवायचं, मुठीला कान लावायचा आणि डोळे मिटून निकाल द्यायचा, ‘मागची बेअरिंग गेली.’ या कानांचा त्यांना भारी तोरा. आई त्यांच्या घोरण्याची तक्रार करायची, तर म्हणायचे, ‘मी घोरत असतो त मलेच आधी ऐकू आलं असतं.’

आई गेल्यावर ते एकटे राहू लागले. एकदा गॅसवर चहा ठेवून शेजारच्या बाईंचा कूलर बघायला गेले आणि इकडे भांड्याचा कोळसा झाला. मी नागपूरहून धावत आले आणि स्वयंपाकघराबाहेर छताला धुराचा अलार्म बसवून घेतला. तो घराच्या वायरिंगलाच जोडलेला, पण लाईट गेली तरी चालावा म्हणून आत एक चौकोनी सेल. आमच्यात करार झाला: हा अलार्म राखण करतोय तोवर बाबांनी इथे एकटं राहायचं. नाहीतर चंबूगबाळं आवरून माझ्याकडे यायचं.

परवाच्या उन्हाळ्यात गेले, तर दारातच ‘चिक्’ ऐकू आलं. मिनिटभराने पुन्हा ‘चिक्’. सेल उतरला की हा अलार्म असं करतो.

‘कधीपासून वाजतोय हा?’ मी विचारलं.

‘काई नाई वाजून राह्यलं. नागपूरच्या गाड्यांनं तुझे कान खराब झाले.’

कुंपणापलीकडून शेजारच्या बाई म्हणाल्या, ‘महिना झाला ना वो, चिकचिक करून राह्यला. मी म्हटलं, भाऊ एवढे मिस्त्री, करतीन दुरुस्त.’

बाबांनी पेपर तोंडासमोर धरला आणि बराच वेळ खाली घेतलाच नाही.

मी नवा सेल आणला. ‘पयले मेन बंद कर,’ त्यांनी हुकूम सोडला आणि माझं स्टूल धरून उभे राहिले. मी अलार्म फिरवून खाली काढला, वायरीचा प्लग सोडवला, जुना सेल उपसला आणि नवा बसवायला गेले. ‘उलटा,’ ते खालून म्हणाले. ‘मोटारी दुरुस्त करनाऱ्याची पोरगी, अन् सेल उलटा लावते.’ मी मुकाट्याने सुलटा लावला, अलार्म जागेवर चढवला आणि मेन चालू केला.

पण महिनाभराची ती चिकचिक माझ्या डोक्यातून जाईना. म्हटलं, ‘बाबा, खोलीत जा, दार लावा, रोजच्यासारखे पडा. मी बटन दाबते. ऐकू आलं की हाक मारा.’

‘माझी परीक्षा घेतेस काय?’

‘अलार्मची.’

‘अन् नाई ऐकू आला त?’

‘तर नागपूर.’

ते आत गेले. दार लागलं, कूलर सुरू झाला. मी स्टुलावर चढले, अंगठा बटनावर नुसता टेकवला, तोच आतून खणखणीत हाक आली, ‘आला, आला. मस्त वाजून राह्यला.’

मी बटन अजून दाबलंच नव्हतं. मला इतकं हसू आलं की स्टूल डगमगलं. या वयात कॉपी! मग खरोखर दाबलं. अलार्म असा किंचाळला की माझ्या कानठळ्या बसल्या. शेजारच्या बाई पिठाच्या हातांनी धावत आल्या. आतून मात्र काहीच नाही. मी अंगठा काढला नाही, खूप वेळ काढला नाही. तरी काहीच नाही. माझं हसू कुठच्या कुठे गेलं.

मी अलार्म थांबवला. थोड्या वेळाने दार उघडून बाबा ऐटीत बाहेर आले. ‘झालो ना पास?’

‘काय जळलं वो भाऊ?’ बाईंनी विचारलं. ‘आत्ता केवढ्यानं वाजला.’

‘आत्ता?’ बाबा म्हणाले. त्यांनी बाईंकडे पाहिलं, मग स्टुलावर उभ्या माझ्याकडे. मी नजर चुकवली, तेवढ्याने त्यांना कळलं. करारानुसार मी जिंकले होते आणि मला मुळीच जिंकायचं नव्हतं.

त्यांनी सवयीने माझं स्टूल दोन्ही हातांनी धरलं, मी उतरेपर्यंत धरून ठेवलं. मग हळूच विचारलं, ‘कपडे किती जोड घिऊ?’