बोटं लावलेल्या सात पट्ट्या

“आता पूस,” बाई म्हणाल्या. “जिथं जिथं बोटं लावलीस ना, तिथं तिथं पूस.”

मी पुसलं. पियानोच्या सात पट्ट्या होत्या. फडकं तेच, रोजचं. मागं बाकांवर दहा-बारा मुली बसलेल्या, निळ्या फ्रॉकातल्या. एकेक पट्टी आतून आपल्याकडं पुसत आणली, शिकवल्याप्रमाणं. पुसून झाल्यावर बाई त्यांच्यातल्या कुसुमला म्हणाल्या, “हं, बस आता तू.” कुसुम बसली. मी फडकं घेऊन दाराशी जाऊन उभी राहिले.

आणि कशी उभी राहिले? छाती पुढं काढून. हे सांगितलंच पाहिजे. बारा वर्षांची ती ठोंबी त्या दिवशी फुगून टम्म झाली होती. का, तर एवढ्या मोठ्या घरच्या पोरींसमोर बाईंनी आपल्याला पियानोवर बसवलं. मागून पुसायला लावलं ते तिच्या गावीही नव्हतं. पुसणं तर तिचं रोजचंच काम. त्यात वाईट वाटण्यासारखं काय?

वाईट वाटलंच नाही. मी आजही खोटं सांगणार नाही. काही वाटलं नाही.

ही गोष्ट पाचगणीची, मोठी लढाई चालू होती तेव्हाची. माझा बाप फौजेत होता, कुठं होता ते आम्हाला ठाऊक नव्हतं. आमचं गाव औंधाच्या अंगाला, घर गावकुसाबाहेर. आई मला घेऊन वर पाचगणीला आली आणि मुलींच्या एका बोर्डिंगात भांड्याला लागली. आम्हाला मागच्या बाजूला पत्र्याची खोली मिळाली. पाण्याचं मडकं वेगळं मिळालं. आमची जात कुणी विचारली नाही, मडकंच सांगत होतं.

मला काम मिळालं पियानो पुसायचं. सकाळी धुकं खिडकीतून आत यायचं, हाताची बोटं लाकडं व्हायची, त्या बोटांनी बावन्न पांढऱ्या आणि छत्तीस काळ्या पट्ट्या पुसायच्या. आधी ओलं फडकं घट्ट पिळून, मग कोरडं. पहिल्याच दिवशी संगीताच्या बाईंनी बजावलं होतं, “हातात फडकं असताना आवाज येता कामा नये. एक जरी आवाज आला तरी मला खोलीत ऐकू येतो.”

आता तुम्ही म्हणाल, विटाळ चालत होता का? चालत होता. मध्ये फडकं होतं ना.

आवाज येऊ नये म्हणून मी पट्टी हळू दाबायला शिकले. पियानोची एक गंमत आहे. पट्टी अगदी सावकाश दाबली तर ती तळापर्यंत जाते आणि आवाज होत नाही. आतला हातोडा तारेपर्यंत पोचतच नाही. पहिले दोन दिवस तर या शहाणीला वाटत होतं की पियानोचं खरं कसब हेच, आणि त्या फ्रॉकवाल्या पोरींना अजून जमत नाही म्हणून त्यांच्या हातून एवढा आवाज होतो. मनातल्या मनात कीव करत होती त्यांची! अशी आमची अक्कल.

शिकवणी दुपारी चाले. मी बाहेर व्हरांड्यात फरशी पुसत असे. बाई पुण्याच्या, एका मडमेकडं शिकलेल्या, शिकवायच्या मात्र फार छान. ते कबूल करते. त्या सांगायच्या, “तीन सूर एकदम धरायचे, त्याला कॉर्ड म्हणतात. एक पट्टी सोडून एक, अशा तीन.” पियानोला मधोमध कुलूप असतं, त्याच्या डावीकडची पट्टी, एक सोडून दुसरी, एक सोडून तिसरी. मी ऐकायची आणि दुसऱ्या दिवशी सकाळी, फडक्याखालून, त्याच तीन पट्ट्या सावकाश दाबून बघायची. आवाज नाही. पण आदल्या दुपारचा आवाज कानात असायचा, तो मी बोटांवर बसवायची.

मग एका दुपारी बाईंनी उलटापालट शिकवली. इन्व्हर्शन म्हणायच्या त्या. कुसुमचा हात पहिल्या कॉर्डवरून उडी मारून दुसऱ्यावर, तिथून उडी मारून तिसऱ्यावर जायचा. मध्ये दोनदा घसरायचा. बाई म्हणाल्या, “अगं, हात आहे की बेडूक? एवढं लांब जायचं कशाला? सूर तेच तीन आहेत. जो सगळ्यात खाली आहे तो उचल आणि वर ठेव. कॉर्ड तोच राहतो. खालचा वर गेला, वरचा खाली आला, म्हणून कॉर्ड बदलत नाही. कळलं?”

कुसुमला कळलं नाही. बाहेर फरशी पुसणारीला कळलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी करून बघितलं. अंगठा तिथंच ठेवायचा. बाकीची दोन बोटं फक्त उजवीकडं शेजारच्या पट्टीवर सरकवायची. झाला दुसरा कॉर्ड. परत जागेवर यायचं, आता करंगळी तिथंच ठेवायची आणि बाकीची दोन बोटं एकेक पट्टी डावीकडं आणायची. झाला तिसरा. हात हललासुद्धा नाही. जिथं कुसुम हातभर उड्या मारत होती तिथं माझी बोटं वितीच्या आत फिरत होती. तीन कॉर्ड आणि सगळ्या मिळून पट्ट्या सातच.

महिनाभर मी हे रोज केलं. बिनआवाजाचं.

कुसुम सांगलीच्या एका बड्या हळद-व्यापाऱ्याची मुलगी. पोरगी वाईट नव्हती, पण बोटं काठीसारखी. एका दुपारी तिचा हात परत बेडूक झाला आणि बाईंचा तोल गेला. मी तेव्हा खिडकी पुसत होते. माझा मोकळा हात खिडकीच्या फळीवर होता, आणि त्या गाढवाची बोटं आपोआप तिथं चालायला लागली. बाईंनी बघितलं.

“ए, काय करतेस तिथं?”

“काय न्हाई बाई.”

“इकडे ये. हात धुवून ये आधी. साबणानं.”

मी धुवून आले. बाईंनी मला स्टुलावर बसवलं. “दाखव हिला.”

मी बोटं ठेवली आणि दाबली, या वेळी पटकन. आणि आवाज आला. इतक्या दिवसांत माझ्या बोटांतून पहिल्यांदा. मी इतकी दचकले की स्टुलावरून अर्धी उठले. पोरी खदाखदा हसल्या. मी परत बसले आणि तिन्ही कॉर्ड वाजवले. हात न हलवता.

बाई कुसुमकडं वळल्या. “बघितलंस? भांडी घासणारीच्या पोरीला येतं. तुला येत नाही. लाज वाटत नाही?”

कुसुम रडायला लागली. आणि बाई मला म्हणाल्या, आता पूस.

वर म्हणाल्या, “हे जातीबितीचं नाही हं. आपल्या शाळेत तसलं काही पाळत नाहीत. स्वच्छता म्हणून.”

त्यानंतर हे चालूच झालं. कुसुम चुकली की मला हाक. साबण, स्टूल, तीन कॉर्ड, “लाज वाटत नाही?”, आणि पूस. मास्तर छडी जशी कोपऱ्यात उभी करून ठेवतो तशी मी दाराशी असे. छडीलाही कधी वाटलं असेल की मास्तरचा आपल्यावर फार जीव आहे. मला वाटत होतं.

मी आईला सगळं मोठ्या तोऱ्यात सांगितलं. आई राखेनं पातेलं घासत होती. ती थांबली नाही.

“वाजवल्यावर पुसतं कोन?” तिनं विचारलं.

“म्या.”

“आन् ती सांगलीवाली वाजवती, तवा?”

“तवा न्हाई. ते सकाळीच.”

“मगाशी पेरू खात हिंडत हुती ती. चिकाट हातानं वाजवलं आसंल की.”

“व्हय, वाजवलं की.”

“पुसलं?”

“न्हाई.”

आईनं पातेलं पालथं घातलं. “बरं,” एवढंच म्हणाली आणि दुसरं पातेलं घेतलं.

मला राग आला. आईचा! बाईंचा नाही. आपल्या पोरीचं कौतुक करायचं सोडून ही पेरू काय विचारत बसली आहे, असं वाटलं. पण तो पेरू काही केल्या डोक्यातून जाईना. दुसऱ्या दिवशी सात पट्ट्या पुसताना मला पहिल्यांदा दिसलं की त्या सातही स्वच्छ आहेत. आठवी, जिला मी हात लावला नव्हता, तिच्यावर कुसुमच्या बोटाचा ठसा होता. बाई तिच्याकडं बघतसुद्धा नव्हत्या.

तरीही काही वाटलं नाही. आत सगळं धुकं. दुखतं आहे हे कळायला आधी ऊब लागते, तशी ती थंडी होती.

मग पालकांचा दिवस आला. मोटारी येणार, जेवण होणार, पोरींचं गाणं-बजावणं होणार. बाईंनी मला आणि आईला बोलावून घेतलं.

“पाहुण्यांसमोर हिला वाजवायला बसवणार आहे,” बाई आईला म्हणाल्या. “लोकांना कळू दे आमची शाळा काय आहे ते. नीट वाजवलंस ना, तर पुढच्या महिन्यापासून दर शनिवारी अर्धा तास शिकवीन तुला. फुकट.”

शनिवारचा अर्धा तास! मला दुसरं काही ऐकूच आलं नाही. तीन कॉर्डांच्या पुढंही काही असणार, ते सगळं त्या अर्ध्या तासात आहे, एवढंच कळलं. आयुष्यात तोवर मी कशासाठी इतकी हावरी झाले नव्हते. आईनं माझ्याकडं बघितलं, मग बाईंकडं बघितलं. “तिचं ती बघंल,” म्हणाली.

त्या दिवशी हॉल भरला. फेटे, टोप्या, अत्तराचा वास. मुलींची गाणी झाली. मग बाईंनी मला बाजूला घेतलं आणि माझ्या हातात काहीतरी दिलं. पांढरे हातमोजे. जेवणघरातले वाढपी घालतात ते.

“घाल. आज पाहुणे आहेत. मध्येच पुसत बसलेलं बरं दिसत नाही.”

मी घातले. मोठे होते. बोटांच्या टोकांना रिकामं कापड लोंबत होतं. बाई पुढं जाऊन पाहुण्यांना सांगू लागल्या की आमच्याकडं मोलकरणीच्या मुलीलाही सूर शिकवला जातो. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी अजून बोट उचललं नव्हतं आणि टाळ्या झाल्यासुद्धा.

मी स्टुलावर बसले. कुसुम शेजारीच उभी होती, तिचं माझ्यानंतर होतं. मी हातांकडं बघितलं. पांढरं कापड. रोज सकाळी असतं तसं, हाताच्या आणि पट्टीच्या मध्ये.

मी पहिला कॉर्ड दाबला. सावकाश. पट्ट्या तळाला गेल्या. आवाज नाही. अंगठा तिथंच, दोन बोटं सरकली. दुसरा कॉर्ड. आवाज नाही. करंगळी तिथंच, तिसरा. सगळी बोटं जिथल्या तिथं, एक चूक नाही. कुणीतरी खोकलं. कुसुम वाकून माझ्या बोटांकडं बघत होती, तिचं तोंड उघडं राहिलं होतं.

बाई कानाशी आल्या. “वाजव!”

“वाजवतीय न्हवं.”

“आवाज कुठाय?”

“हातात फडकं आसलं की आवाज येता कामा न्हाई. तुमीच सांगितलंय.”

हे मी मोठ्यानं बोलले. ठरवून नाही. तोंडातून गेलं. मागं कुणीतरी हसलं, आणि कुणीतरी त्याला गप्प केलं.

बाईंचा चेहरा लाल. “शनिवार विसर मग.”

मी शनिवार विसरले. तेवढ्यात, तिथंच. बाईंच्या तोंडून शब्द निघाला आणि माझ्या आत तो अर्धा तास विझला. धूरसुद्धा निघाला नाही. मी हातमोजे ओढून काढले, समोर सुरांची वही ठेवायच्या फळीवर ठेवले, आणि उघड्या बोटांनी तिन्ही कॉर्ड वाजवले. धडाधड. खालचा वर, वरचा खाली, हात न हलवता. तारा इतक्या घुमल्या की खिडकीची काच थरथरली. मग उठले.

“पूस ते,” बाई म्हणाल्या. सवयीनं म्हणाल्या. एवढ्या लोकांसमोर म्हणाल्या.

“न्हाई.”

“पुसल्याशिवाय जायचं नाही.”

“मग मळकंच ऱ्हाऊ द्या.”

आणि मी चालत हॉलबाहेर गेले. पळाले नाही, हे मुद्दाम सांगते, कारण पाय पळायला बघत होते. बाहेर लाल मातीत सिल्व्हर ओकची पानं पडली होती. त्यावर बसले. रडू आलं नाही. आनंदही झाला नाही. हात गार पडले होते, ते काखेत घालून बसले.

दुसऱ्या दिवशी पट्ट्या पुसायला बाईंनी आईला पाठवलं. आई गेली. फडकं खांद्यावर टाकलं आणि दोन्ही तळवे पियानोवर आपटले. बाई धावत आल्या.

“माजं काम न्हवं हे, बाई,” आई म्हणाली. “माज्या हातानं आवाज हुतो.”

तिला परत भांड्यांवर पाठवलं. मला साताऱ्याला मामाकडं. पियानोला मी त्यानंतर कधी हात लावला नाही. तीन कॉर्डांच्या पुढं काय असतं ते मला अजूनही नीट ठाऊक नाही. ते गेलं ते गेलं, त्याचं गोड काही करून सांगायचं नाही मला. बाईंची विद्या मात्र खरी होती. खालचा वर ठेवला तरी कॉर्ड तोच राहतो, हे त्यांच्या बोटांना पक्कं माहीत होतं. कोपराच्या वर ते कधी चढलं नाही.

माझ्या घरी आता एक जुनी बाजाची पेटी आहे. तिच्यावर मी तेच तीन कॉर्ड वाजवते. माझी पोरं वाजवतात, सुनेची वाजवतात, वस्तीतली पोरं येऊन वाजवतात, कुणी भजी खाल्लेल्या हातानं, कुणी शेणाच्या. पट्ट्या पिवळ्या पडल्यात, कडांना काळ्या झाल्यात. परवा एक शिकलेली पाहुणी म्हणाली, “आजी, जरा पुसून घ्या ना हे.”

मी म्हटलं, न्हाई.

या घरात कुणाच्याही बोटांमागं फडकं फिरणार नाही. आणि बाहेर जिथं फिरतं, तिथं मी बसणार नाही, माझी पोरं बसणार नाहीत. वाजवायला नाही, पुसायला तर नाहीच.