राशीभोवतीची राख

हे मी कुणाला सांगितलेलं नाही. आमच्या ह्यांना नाही, लेकींना तर नाहीच. तुम्हाला का सांगतेय — कोण जाणे.

लग्न होऊन घोटावड्याला आले, तेव्हा माहेरचा एकच जीव बरोबर आणला होता. टिप्या, उरवड्याच्या आमच्या कुत्रीचं पिल्लू. आत्याबाईंनी, म्हणजे सासूबाईंनी, उंबऱ्यातच बजावलं, "घाण केली की हाकलायचं. मग रडायचं न्हाई."

म्हणून मी त्याला शिकवलं. परड्यात पेंढ्याच्या गंजीमागे चुलीतली राख पसरायची, पहाटे त्याला तिथे न्यायचं, केलं की भाकरीचा तुकडा. राख दिसली की बसायचं, एवढंच त्याला कळलं. पण पक्कं कळलं. सासरी माझं कौतुक झालं ते तेवढंच — आणि मी ते मिरवलंही. कसं शिकवलं ते मात्र कुणी विचारलं नाही, मीही सांगितलं नाही.

मग भाताची झोडणी झाली. खळ्यात रास लागली. राशीला नजर लागू नये म्हणून भोवती राखेचं रिंगण घालतात. ते काम आत्याबाईंनी मला दिलं. टिप्या माझ्या मागे मागे होताच. तेव्हा कसं सुचलं नाही मला?

सकाळी त्या रिंगणातच, राशीला लागून, त्याची घाण.

मला बघताक्षणी कळलं. तो चुकला नव्हता. शिकवलं तसंच वागला होता. पण ते सांगायचं, तर राशीला घालतात ती राख मी कुत्र्याच्या हगण्याला वापरते, हेही सांगावं लागणार. नव्या सुनेने? मामंजी काठी घेऊन उभे होते. आत्याबाई म्हणाल्या, "तू तर शिकवलं व्हतंस न्हवं?"

"शिकवलं, आत्याबाई. पण ऐकतच न्हाई त्यो. खोडच हाय त्याला."

हे माझे शब्द. कुणी वदवून घेतले नव्हते. मामंजींनी त्याला मारलं. आमच्या ह्यांनी बैलगाडीत घालून पौडच्या पलीकडे सोडलं. त्या दुपारी मी पोटभर जेवले, तेही सांगते.

काही दिवसांनी तो आला. लंगडत. अंगणात पाऊल टाकलं नाही त्याने — बाहेरून वळसा घालून थेट गंजीमागे गेला. तिथली राख मी केव्हाच झाडून टाकली होती. तो जमीन हुंगत फिरला, आणि मग माझ्याकडे बघत उभा राहिला. मी राख टाकीन म्हणून थांबला होता, दुसरं काय?

आत्याबाई परड्यात येत होत्या. त्यांना दिसेल असा मी दगड उचलला आणि मारला. जवळूनच.

तो शेपूट हलवत होता.